जोडीतला गडी



बैलजोडी घेताना जाणता शेतकरी काय पाहतो, हे मी तुम्हांला सांगायला नको. एक बैल कितीही तेज असला आणि दुसरा त्याच्या पावलाला पाऊल देणारा नसला, तर तास वाकडे जाते, जू एका अंगाला कलते, आणि सुजते ती बहुधा त्या तेज बैलाचीच मान. आज मला ज्या माणसाची हकीगत सांगायची आहे तो शेतकरी नव्हे, टेनिस खेळाडू आहे. पण वीस-बावीस वर्षे त्याने जोडीनेच काम केले आणि जोडीच्याच कामावर पोट भरले. त्याचे नाव रोहन बोपण्णा.

टेनिस हा खेळ तुमच्यापैकी अनेकांनी चित्रात किंवा पडद्यावर पाहिला असेल. मधोमध जाळी, दोन्हीकडे मोकळे अंगण, आणि चेंडू आपल्या अंगणात दोनदा टप्पा घेण्याआधी पलीकडे परतवायचा, एवढे ध्यानात ठेवले तरी आजपुरते भागेल. अंगणाची लांबी ७८ फूट. एकास एक असा सामना असेल तर रुंदी २७ फूट धरतात. दोघांस दोघे खेळू लागले की दोन्ही कडांच्या साडेचार-साडेचार फुटांच्या पट्ट्याही खेळात येतात आणि रुंदी ३६ फूट होते. शिक्षक मंडळींनी हे गणित मुलांना घालून पाहावे. जागा वाढली तिसऱ्या हिश्श्याने, माणसे मात्र झाली दुप्पट! म्हणजे प्रत्येकाच्या वाट्याला जागा कमीच आली. एकेरीत प्रतिस्पर्ध्याला पळवून पळवून दमवता येते. दुहेरीत तशी मोकळी जागा सापडत नाही. ती निर्माण करावी लागते, आणि तीही क्षणार्धात.

ती कशी करतात ते पाहा. एक गडी मागून चेंडू मारून डाव सुरू करतो, त्याला सर्व्हिस म्हणतात. त्याचा जोडीदार पुढे जाळीजवळ वाकून उभा असतो आणि त्याचा एक हात पाठीमागे असतो. त्या हाताच्या बोटांनी तो मागच्याला खूण करतो: मी आडवा धावणार, किंवा जागेवरच राहणार, तू चेंडू अमुक बाजूला टाक. मग समोरून परत आलेला चेंडू तो मधल्यामध्ये उडी घेऊन मारतो. तो आडवा धावला की त्याची जागा उघडी पडते आणि मागच्याने ती न सांगता धावून भरायची असते. खूण चुकली, किंवा समजूनही एकाचा पाय क्षणभर अडला, तर दोघेही हास्यास्पद ठरतात. हुतूतूत कड्या धरून उभ्या राहिलेल्या दोन गड्यांना हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही.

आता या धंद्याची दुसरी बाजू. टेनिसच्या व्यवसायात दुहेरीला धाकट्या भावाचे स्थान आहे. वर्तमानपत्रांत मोठे चित्र एकेरीच्या विजेत्याचे, दुहेरीचा निकाल खाली दोन ओळींत. (आमच्या महाविद्यालयाच्या क्रीडा अहवालातही हाच क्रम असतो, तेव्हा वर्तमानपत्रांनाच कशाला बोल लावा!) पैशाचेही तसेच. २०२४ साली मेलबर्नला ऑस्ट्रेलियन स्पर्धेत एकेरीच्या विजेत्याला ३१ लाख ५० हजार ऑस्ट्रेलियन डॉलर मिळाले. पुरुष दुहेरीच्या विजेत्या जोडीला मिळाले ७ लाख ३० हजार, तेही दोघांत वाटून. एकाच मैदानावर, त्याच पंधरवड्यात, एकाच्या कमाईला दुसऱ्याची साडेआठ पटींनीही गाठता येत नाही. ही रक्कम आपल्या दृष्टीने मोठीच आहे, हे खरे. पण ती शेवटच्या दिवशी जिंकणाऱ्यांची. पहिल्या फेरीत हरणाऱ्याला विमानभाडे, खोलीभाडे, शिकवणाऱ्याचा पगार, सारे पदरचे भरून पुढच्या गावी जावे लागते. पगार नाही, रजा नाही. गुडघा दुखावला की उत्पन्न बंद.

त्यात आणखी एक मेख आहे. मोठ्या स्पर्धेत प्रवेश मिळतो तो दोघांच्या क्रमांकांची बेरीज पाहून. म्हणजे तुम्ही स्वतः कितीही वर असलात तरी जोडीदार खाली घसरला की दार बंद. म्हणून हे खेळाडू सतत जोडीदाराच्या शोधात असतात. लेखी करार क्वचितच होतो. बहुधा तोंडी बोली असते. सहा महिने बरोबर खेळलेला माणूस एके दिवशी निरोप पाठवतो की पुढल्या हंगामात मी दुसऱ्याबरोबर खेळणार. त्यावर रागावून चालत नाही, कारण तोच माणूस दोन वर्षांनी पुन्हा तुमचा जोडीदार होऊ शकतो.

अशा या धंद्यात बोपण्णा शिरला. त्याचा जन्म ४ मार्च १९८० चा. वाढला कर्नाटकातल्या कोडगूत, म्हणजे कुर्ग प्रांतात; वडील कॉफीचे मळेवाले. शहरातल्या क्लबांतली सोय तिथे नव्हती. सर्व्हिसला जोर यावा म्हणून लाकडाचे ओंडके फोडायचे, दम वाढावा म्हणून कॉफीच्या मळ्यांतून धावायचे, आणि भेगा पडलेल्या मैदानावर खेळायचे, अशी आपल्या बाळपणाची आठवण त्याने निवृत्त होताना स्वतःच लिहिली आहे. खेड्यातल्या व्यायामशिक्षकाने ती ऐकून ठेवण्यासारखी आहे. साहित्य नाही म्हणून अडलेली मुले आपण रोज पाहतो. कुऱ्हाड मात्र घरोघरी असते.

एकेरीत त्याने आधी नशीब अजमावलेच. सहा फुटांवर तीन इंच उंची, सर्व्हिस जबरदस्त. तरी २००७ साली जगात २१३ वा क्रमांक, यापलीकडे तो गेला नाही. त्या क्रमांकावर एकेरीत पोट भरत नाही. पण त्याला एकेरी खेळता येत नव्हती असे मात्र कोणी समजू नये. २०१० साली चेन्नईला डेव्हिस चषकात भारत ब्राझीलविरुद्ध दोन सामने हरून मागे पडला होता. मग भारताने बरोबरी साधली, आणि पाचवा, निर्णायक, एकेरीचा सामना जिंकला तो बोपण्णाने.

त्याच वर्षी त्याच्या नावाची चर्चा जगभर झाली, ती मात्र जोडीमुळे. जोडीदार होता लाहोरचा ऐसाम-उल-हक कुरेशी. एक भारतीय, एक पाकिस्तानी! युद्ध थांबवा, टेनिस सुरू करा, अशा अर्थाचे शब्द छापलेले कपडे घालून हे दोघे मैदानावर उतरले. सप्टेंबरात न्यूयॉर्कला अमेरिकन स्पर्धेच्या अंतिम सामन्यात पोहोचले, तेव्हा संयुक्त राष्ट्रसंघातले भारताचे आणि पाकिस्तानचे दोन्ही प्रतिनिधी शेजारी शेजारी बसून सामना पाहत होते. समोर ब्रायन बंधू होते, एका आईच्या पोटचे जुळे भाऊ. जन्मापासूनची जोडी ती! दोन्ही सेट टायब्रेकरपर्यंत गेले, दोन्ही ब्रायन बंधूंनी घेतले. एका सामन्याने दोन देशांचे भांडण मिटत नाही, आणि मिटलेही नाही. माझ्या मनात जे राहिले ते एवढेच की दोघांनी वर्षभर एकमेकांच्या पाठीमागच्या बोटांवर विश्वास ठेवला.

पुढली वर्षे भराभर सांगतो. महेश भूपती आणि इतर किती तरी जोडीदार झाले. २०१३ मध्ये दुहेरीत जगात तिसरा क्रमांक आला. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये सानिया मिर्झाबरोबर मिश्र दुहेरीत कांस्यपदकाची लढत हरून चौथे स्थान मिळाले. पदक हाताशी येऊन गेले. २०१७ साली पॅरिसला कॅनडाच्या गॅब्रिएला दाब्रोव्स्कीबरोबर मिश्र दुहेरी जिंकली. पण पुरुष दुहेरीच्या चार मोठ्या स्पर्धांपैकी एकही हाती लागेना.

दरम्यान गुडघे गेले. दोन्ही गुडघ्यांतली कूर्चा झिजून संपली आहे, असे त्यानेच सांगितले आहे. कूर्चा म्हणजे हाडावर हाड घासू नये म्हणून मध्ये असलेले मऊ अस्तर. वेदनाशामक गोळ्या खाऊन तो खेळत असे. महासाथीच्या टाळेबंदीत त्याने अय्यंगार पद्धतीचा योगाभ्यास धरला. ही पद्धत बी. के. एस. अय्यंगार यांनी आपल्या पुण्यात राहून घडवली, हे तुम्हांला ठाऊक असेल. त्या अभ्यासाने पायांना बळ आले, गोळ्या सुटल्या, असे तो सांगतो. याचा अर्थ आसने केली की कूर्चा पुन्हा उगवते, असा कृपा करून घेऊ नका. भोवतालचे स्नायू सुधारले, भार नीट वाटला गेला, इतकेच.

तरी २०२१ साल वाईट गेले. पाच महिने एकही सामना जिंकता आला नाही. वय एकेचाळीस. आता पुरे करतो, असा निरोप त्याने पत्नीला पाठवला होता, हेही त्यानेच पुढे भर मैदानात सांगितले. श्रोतेहो, या वयात एखादा शिक्षकसुद्धा बदली टाळण्याच्या खटपटीत असतो. याने पुन्हा जोडीदार शोधायला सुरुवात केली. २०२२ च्या फेब्रुवारीत पुण्याला बालेवाडीत रामकुमार रामनाथनबरोबर त्याने महाराष्ट्र खुली स्पर्धा जिंकली, आणि २०२३ च्या आरंभी त्याने ऑस्ट्रेलियाच्या मॅथ्यू एबडनशी जोडी जमवली. एबडन त्याच्याहून सात वर्षांनी लहान, अंगाने आटोपशीर, परतीचा चेंडू अचूक टाकणारा. एकाचा जोर, दुसऱ्याची नेमकी नजर. जोडी जमली ती अशी! त्याच वर्षी मार्चमध्ये इंडियन वेल्सला ते जिंकले, सप्टेंबरात अमेरिकन स्पर्धेच्या अंतिम फेरीत पहिला सेट घेऊन हरले. त्याच महिन्याच्या अखेरीस चीनमध्ये हांगचौला आशियाई क्रीडास्पर्धेत आपल्या श्रीरामपूरला जन्मलेल्या ऋतुजा भोसलेबरोबर बोपण्णाने मिश्र दुहेरीचे सुवर्णपदक मिळवले. पहिला सेट ही जोडी २-६ असा सपशेल हरली होती. ऋतुजा त्याच्याहून सोळा वर्षांनी लहान. तो सामना ज्यांनी पाहिला त्यांना आठवेल की थोरला धाकटीवर डोळे वटारत नव्हता. तुमच्या शाळेत मुलांच्या जोड्या लावताना ही गोष्ट पाहत चला. चुकलेल्या सोबत्याकडे मुलगा कसा पाहतो, त्यावरून तो जोडीत टिकेल की नाही ते लगेच कळते.

मग २०२४ चा जानेवारी. मेलबर्नला उपान्त्यपूर्व सामना जिंकताच जगात पहिला क्रमांक निश्चित झाला. पहिल्यांदाच पहिल्या क्रमांकावर येणारा इतक्या वयाचा पुरुष खेळाडू टेनिसमध्ये झाला नव्हता. आधीचा उच्चांक राजीव राम या अमेरिकन खेळाडूचा, तो अडतिसाव्या वर्षी. २७ जानेवारीला अंतिम सामना झाला. समोर इटलीचे सिमोने बोलेली आणि आंद्रेआ वावासोरी. पहिल्या सेटचा टायब्रेकर ७-० असा एकतर्फी घेतला, दुसरा सेट ७-५. पुरुष दुहेरीचे पहिले मोठे विजेतेपद त्रेचाळिसाव्या वर्षी, एकसष्टाव्या प्रयत्नात. साठ वेळा हरून एकसष्टाव्यांदा नाव नोंदवणाऱ्याला आपल्याकडे लोक शहाणा म्हणतील का, याची मला शंका आहे. त्या वर्षी त्याला पद्मश्री मिळाली.

हा धंदा पुढे राहील का, असा प्रश्न आता विचारला जातो. २०२५ च्या ऑगस्टमध्ये अमेरिकन स्पर्धेने मिश्र दुहेरी दोन दिवसांत उरकली आणि बहुतेक जागा एकेरीच्या नामांकितांना दिल्या. प्रेक्षकांना परिचित चेहरे हवेत, हे कारण. विजेत्या जोडीला दहा लाख डॉलर, पण दुहेरीवर जगणाऱ्यांना बहुतेक दार बंद. सोळा जोड्यांत खऱ्या अर्थाने जोडीचे म्हणावे असे खेळाडू फार थोडे होते. त्यांतलीच एक, इटलीची सारा एरानी आणि आंद्रेआ वावासोरी, हिने सगळ्या नामांकितांना मागे टाकून स्पर्धा जिंकली. हा वावासोरी तोच, मेलबर्नला बोपण्णाकडून हरलेला. मला स्वतःला हा निकाल वाचून फार बरे वाटले. आयोजकांना काय वाटले असेल, देव जाणे.

एबडनची जोडी २०२४ अखेर सुटली; भांडण नाही, तंटा नाही. बोपण्णा पुन्हा नव्या जोडीदारांबरोबर खेळत राहिला. २०२५ च्या ऑक्टोबरात पॅरिसला तो कझाकस्तानच्या अलेक्झांडर बुब्लिकबरोबर उतरला. बुब्लिक सतरा वर्षांनी लहान, आणि एकेरीतला खेळाडू. पहिला सेट त्यांनी घेतला, दुसरा गमावला, आणि निर्णायक टायब्रेकर ८-१० असा निसटला. १ नोव्हेंबरला त्याने निवृत्ती जाहीर केली. तेव्हा तो पंचेचाळीस वर्षांचा होता, आणि शेवटच्या गुणापर्यंत त्याच्या शेजारी कोणी तरी उभे होते.