तिखट न लागणारी मिरची: भाजलेल्या मिरचीचं क्रीमी सूप

आजचा भाग हेडफोन लावून किचनमध्ये उभं राहून ऐकण्यासारखा आहे. ज्यांना वाचत वाचत करायचंय त्यांच्यासाठी हा मजकूर आहेच.

आज सूप करायचंय. पण टोमॅटो सूप नाही, आणि पाकीट फोडून गरम पाण्यात ढवळायचं तेही नाही. भाजलेल्या हिरव्या मिरचीचं, मऊ, दाट, क्रीमवालं सूप. मिरचीचं सूप म्हटलं की आपल्याकडे पहिला प्रश्न ठरलेला: "अगं, पिणार कोण ते?" कारण आपण मिरचीला भाजी समजतच नाही. आपल्यासाठी ती तिखटाची मात्रा असते. फोडणीत दोन, वाटणात चार, संपलं. तिला स्वतःची चव असते हे आपण विसरून गेलोय, कारण ती कळायच्या आत जीभ पेटलेली असते.

हे सूप मूळचं मेक्सिकोचं. तिथे पुएब्ला नावाचं शहर आहे, त्याच्या नावावरून पोब्लानो ही मिरची. मोठी, गडद हिरवी, जाड गराची, खांद्याला रुंद आणि टोकाकडे निमुळती. तिखटपणा अगदी कमी. स्कोव्हिल नावाचं जे माप आहे, १९१२ मध्ये विल्बर स्कोव्हिल यांनी काढलेलं, त्यावर पोब्लानो साधारण १,००० ते २,००० भरते. ढोबळी मिरची शून्य. आपली लवंगी यांच्या कैक पट पुढे. मेक्सिकोत पोब्लानो भाजून, सोलून, तिच्यात सारण भरतात, तिच्या पट्ट्या कापून क्रीममध्ये शिजवतात, आणि तिचं सूपही करतात. त्याला क्रेमा पोब्लाना म्हणतात. तीच मिरची पिकवून वाळवली की तिचं नाव बदलतं, मग ती आंचो होते. आणि मिरची मुळात तिथलीच बरं का. आपल्याकडे ती पोर्तुगीजांबरोबर आली. त्याआधी आपल्या जेवणाचा तिखटपणा मिऱ्यावर आणि पिंपळीवर चालायचा.

आता पोब्लानो माझ्या भाजीवाल्याकडे मिळत नाही. तुमच्याही नसेल. ऑनलाइन शोधून महागडा डबा मागवू नका, डब्यातली मिरची गॅसवर भाजता येत नाही आणि इथे सगळा खेळ भाजण्याचाच आहे. मी ढोबळी आणि भावनगरी मिसळते. ढोबळीला गर असतो पण दम नसतो. भावनगरीला वास आणि हलकासा झणका असतो पण गर कमी. दोघी मिळून पोब्लानोच्या बऱ्यापैकी जवळ जातात. तंतोतंत नाही, पण जवळ.

चार जणांसाठी: तीन मध्यम ढोबळी, चार मोठ्या जाडसर भावनगरी, एक मोठा कांदा, चार लसूण पाकळ्या, दोन मक्याची कणसं, दीड चमचा बटर, एक कप फुल फॅट दूध, अर्धा कप फ्रेश क्रीम, मीठ. लिंबू पानात वरून.

आधी कणसांचं काम उरकून घ्या. दाणे सोलून काढा आणि उरलेली बुरकुंडं फेकू नका. तीन कप पाण्यात टाकून वीस मिनिटं उकळू द्या. दोनेक कप गोडसर पाणी उरेल, तोच आपला स्टॉक. क्यूबची गरज नाही.

आणि आता भाजणं. इथे घाई करायची नाही.

ज्यांच्या घरी वांग्याचं भरीत होतं त्यांना अर्धं काम आधीच येतं. माझी आजी खानदेशातली. ती शेतातल्या वाळलेल्या काड्यांवर वांगी भाजायची ते मी लहानपणी पाहिलंय. मिरचीचंही तेच. गॅस मोठा, वर पापडाची जाळी, त्यावर मिरची. साल काळी पडली पाहिजे. तपकिरी ठिपके पडून चालत नाही, कोळशासारखी काळी, फुगून फुटलेली. बघताना वाटतं की जळून गेली, पण जळते ती साल, आतला गर त्याच वेळी स्वतःच्याच पाण्यात शिजत असतो. चिमट्याने फिरवत राहा. ढोबळीला आठ-दहा मिनिटं लागतात, तिच्या खाचा राहून जातात म्हणून ती आडवी-उभी करून भाजा. भावनगरीची साल पातळ, ती चार-पाच मिनिटांत होते. म्हणून दोन्ही एकदम ठेवू नका, भावनगरीचा गरच जळून जाईल.

मंद आचेवर "हळूहळू होईल" असं करू नका. साल काळी व्हायच्या आत गर लगदा होतो आणि धुराचा वास लागतच नाही. आच मोठीच हवी. खिडकी उघडा, एक्झॉस्ट लावा, आणि पीजीत राहत असाल तर रूममेटला आधी सांगा, नाहीतर खोकत येऊन भांडेल.

इंडक्शनवाल्यांनो, तुमचंही होतं. लोखंडी तवा चांगला तापवा, मिरच्या अर्ध्या चिरून साल खाली करून दाबून ठेवा. किंवा एअर फ्रायरमध्ये, तेलाचा हात लावून, २०० डिग्रीला पंधरा-वीस मिनिटं. धुराचा वास थोडा कमी येतो, पण साल निघते आणि गर गोड होतो. नॉनस्टिक तवा मात्र वापरू नका, तो एवढ्या आचेसाठी नसतो.

भाजल्या की गरमागरमच स्टीलच्या डब्यात टाका आणि झाकण लावा. पंधरा मिनिटं. स्पॅनिशमध्ये या पायरीला मिरचीला घाम आणणं म्हणतात, आणि शब्द अगदी बरोबर आहे. आत कोंडलेल्या वाफेने साल गरापासून सुटते. बरेच जण हे टाळतात आणि मग सुरीने साल खरवडत बसतात.

साल काढायचीच का? काढायचीच. मिक्सरमध्ये ती बारीक होत नाही, कागदाच्या कपट्यांसारखी जिभेला लागते, आणि जळालेली असल्यामुळे कडू. पण नळाखाली धरून धुऊ नका! व्हिडिओत सर्रास दाखवतात. एवढं भाजून मिळवलेला धुराचा वास सगळा सिंकमध्ये जातो. शेजारी वाटीत पाणी ठेवा, बोटं बुडवत बुडवत साल ओढा. दोन-चार काळे कण राहिले तर राहू देत, ते हवेतच.

मग मिरची उभी चिरा आणि आतल्या पांढऱ्या शिरा बियांसकट काढा. तिखटपणा बियांत असतो असं आपण समजतो. खरं तर मिरचीतलं कॅप्सेसिन तयार होतं त्या पांढऱ्या शिरांमध्ये, बियांना ते फक्त चिकटून लागतं. म्हणजे तिखट कमी-जास्त करायचं बटण तिथे आहे. शिरा पूर्ण काढल्या तर सूप सौम्य. एका भावनगरीच्या ठेवल्या तर घशाशी हलकी ऊब.

गंमत म्हणजे तिखट ही चवच नाही. जिभेवर उष्णता ओळखणारा जो सेन्सर असतो, तोच कॅप्सेसिन दाबतं आणि मेंदूला वाटतं भाजलं. हा सेन्सर शोधला म्हणून डेव्हिड ज्युलियस यांना २०२१ चं वैद्यकशास्त्राचं नोबेल मिळालं, अर्डेम पटापुटियन यांच्यासोबत. म्हणजे अक्षरशः फॉल्स अलार्म. तो बंद केला की खाली मिरचीची खरी चव सापडते: गोडसर, धुरकट, थोडी गवताळ. आणि हो, सोलण्याआधी हाताला तेल लावा, नंतर साबणाने दोनदा धुवा, आणि कॉन्टॅक्ट लेन्सला त्या दिवशी हात लावू नका.

पुढचं पटापट. बटरमध्ये कांदा मंद आचेवर दहा मिनिटं, तपकिरी न होऊ देता. लसूण. मग मक्याचे दाणे, त्यातले मूठभर वरून टाकायला बाजूला ठेवा. बुरकुंडांचं पाणी घाला, दाणे मऊ होईपर्यंत शिजवा. सोललेल्या मिरच्या घाला, दोन मिनिटं, गॅस बंद. दाटपणासाठी मैदा किंवा कॉर्नफ्लोर लागत नाही, मक्याच्या दाण्यांतला स्टार्च पुरतो. मैदा घातलेलं सूप हॉटेलच्या व्हाइट सॉससारखं लागतं आणि त्यात मिरची हरवून जाते, असं माझं स्पष्ट मत आहे.

गार होऊ द्या. कोमट तरी. उकळतं सूप मिक्सरच्या बंद भांड्यात फिरवलं की वाफेने झाकण उडतं आणि हात पोळतात, यात गंमत काही नाही. भांडं अर्धंच भरा. वाटलं की गाळणीतून गाळा, दाण्यांची सालं वर राहतील.

परत पातेल्यात, दूध घाला, मंद गॅस. क्रीम वेगळ्या वाटीत घेऊन त्यात डावभर गरम सूप मिसळा, मग ते सगळं पातेल्यात ओता. यानंतर उकळी आणायची नाही, कडेने बुडबुडे दिसले की पुरे. लिंबू पातेल्यात पिळाल तर दूध फाटेल, म्हणून ते वाडग्यात, खायच्या क्षणी. मेक्सिकोत वरून ताजं चीज कुस्करतात, आपण पनीर. मी बाजूला ठेवलेले दाणे तव्यावर डाग पडेपर्यंत भाजते आणि टाकते.

मी हे करायला लागले ते आजीमुळे. आयुष्यभर ठेचा-भाकरी खाल्लेली बाई. कवळी बसवली, तोंडाची कातडी नाजूक झाली, आणि चार वर्षं झाली, मिरची बंद. डॉक्टरांनी नाही, तिच्या जिभेनेच मनाई केली. जेवायला बसली की आमच्या ताटातल्या ठेच्याकडे बघायची. बोलायची नाही काही. वरण-भात कालवायची आणि उठायची.

तिच्यासाठी शिरा कसून काढल्या, साध्या ढोबळीच जास्त घेतल्या. वाडगा पुढे ठेवला तर म्हणाली, "हे काय, पालकाची पेज?"

म्हटलं, "मिरची आहे, आजी."

"मला कुठे चालते गं मिरची?"

"वास घेऊन बघ."

तिने वाडगा नाकाजवळ नेला. बराच वेळ तसाच धरला. मग एक चमचा. मी तिच्या तोंडाकडे बघतेय, आता हाय हाय करेल म्हणून. नाही केलं. म्हणाली, "चुलीतली मिरची आहे ही." मी म्हटलं गॅसवरची आहे. "तेच ते." मग भाकरी मागितली, चतकोर कुस्करली त्यात, वरून चमच्याने दाबली आणि सगळं खाल्लं. दुसऱ्या दिवशी फोनवर माझ्या आत्याला सांगत होती की पोरगी मिरची सोलते, आणि ते कौतुक होतं की तक्रार, मला अजून कळलेलं नाही.

हां, एक. ज्यांना पित्ताचा त्रास आहे त्यांनी हे पथ्याचं समजू नका, यात क्रीम आणि बटर दोन्ही आहे.

उरलं तर फ्रिजमध्ये दोन दिवस राहतं. गरम करताना मंद आच, मध्ये मध्ये ढवळत. फ्रीझ करायचं असेल तर दूध-क्रीम घालायच्या आधीचा वाटलेला गर करा, नाहीतर वितळल्यावर पाणी वेगळं होतं. मी रविवारी दुप्पट मिरच्या भाजून सोलून ठेवते. ऑफिसमधून आल्यावर पंधरा मिनिटांत सूप होतं, आणि जास्तीच्या पट्ट्या पोळीत, ऑम्लेटमध्ये, मॅगीत, कुठेही जातात.

तुमच्याकडे भावनगरी ऐवजी दुसरी कुठली जाड मिरची मिळत असेल तर मला नाव नक्की कळवा, साल कशी निघते तेही. चला, भेटू पुढच्या भागात.