सणापुरता खेळ

दिवाळीचा दुसरा दिवस उजाडला की लखनौचे आकाश पतंगांनी भरून जाते. या दिवसाला तेथे 'जमघट' म्हणतात. महाराष्ट्रात पतंग आठवतो तो संक्रांतीला. दिवाळीत मुले मातीचा किल्ला मांडतात, श्रावणात मंगळागौर जागते. जानकीपुरमसारख्या नव्या वसाहतीत येऊन राहिलेल्या मराठी कुटुंबाने पतंगाचा दिवस बदलला, तरी रीत एकच राहते: खेळावाचून सण नाही.

हीच रीत आता संगणकाच्या पडद्यावर अवतरली आहे. गूगल या शोधयंत्राचे मुखपृष्ठ म्हणजे एक नाव, एक चौकट आणि भोवती कोरी जागा. १९९८ साली त्याचे संस्थापक वाळवंटातील एका उत्सवाला निघाले, तेव्हा आपण जागेवर नाही हे कळावे म्हणून त्यांनी नावातील एका अक्षरामागे काड्यांचा माणूस उभा केला. अशा चित्रांचा जन्मच मुळी सुटीतून झाला! पुढे मे २०१० मध्ये, पॅकमॅनच्या तिसाव्या वाढदिवशी, नावाच्या जागी चक्क तो खेळच मांडला गेला.

२०१६ साली जमघट आणि पाश्चात्त्यांचा भुतांचा सण, हॅलोविन, एकाच तारखेस आले: ३१ ऑक्टोबर. त्या वर्षीच्या हॅलोविनच्या खेळात मोमो नावाची काळी मांजर जादूच्या शाळेतून चोरीस गेलेली पोथी सोडवून आणते. भुताच्या डोक्यावर जी खूण दिसेल, तीच माऊसने रेखाटली की भूत विरते. पाटीवर रेघ ओढता येणाऱ्या मुलाला याहून अधिक शिकवावे लागत नाही. ज्या काळ्या मांजरीला आडवी गेली म्हणून आपण दूषणे देतो, तीच येथे तारणहार ठरते. पैसा पडत नाही, आणि चार घटका गेल्यावर कामाची चौकट जागच्या जागी असते. कामाच्याच दारात हा विसावा भेटतो, यातच त्याची गोडी आहे.

पण सण सरला की मुखपृष्ठ पुन्हा कोरे होते आणि खेळ संग्रहात जाऊन बसतो. एप्रिल-मे २०२० मध्ये टाळेबंदीत घरोघरी माणसे अडकली असता मोमोसह काही जुने खेळ पुन्हा मुखपृष्ठावर आणले गेले. एकाकी वेळी त्यांचा आधार खचित मोठा होता. मात्र एरवी, कोणत्याही दिवशी हाताशी असणाऱ्या खेळाची वाट कोण पाहणार?

किल्ल्याचे तसे नाही. दिवाळी संपली की तो मोडतो; पुढल्या वर्षी नवी माती कालवावी लागते, शेजारची मुले बोलवावी लागतात, बुरुज कोठे असावा यावरून भांडावे लागते. पडद्यावरचा खेळ जपून ठेवता येतो. अंगणातला मात्र दर वर्षी नव्याने मांडावा लागतो. मुलांनी पहिला अवश्य खेळावा. पण दुसरा मांडण्याची सवय मोडू देऊ नये. कारण सण टिकतो तो त्या मांडण्यात.