मराठी आपल्या एकट्याची नाही



संमेलनाच्या अध्यक्षाने गोड बोलावं असा संकेत आहे. तो मी आज पाळणार नाही. सकाळपासून या मांडवात जी भाषणं झाली त्यांत एकच रडगाणं होतं: सांगली-मिरजेची मराठी बिघडली, तिच्यात कानडी शिरली, उर्दू शिरली, पोरांना धड एकही भाषा येत नाही. टाळ्याही पडल्या. मी टाळ्या वाजवल्या नाहीत, हे पहिल्या रांगेने पाहिलंच असेल.

इथून कुपवाड किती लांब आहे? रिक्षाने जाता येतं. आज तिथे एमआयडीसी आहे, सांगली-मिरज-कुपवाड महापालिकेच्या नावात ते तिसरं आहे. साठ वर्षांपूर्वी ते तीनेक हजार वस्तीचं खेडं होतं. जॉन गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन या दोघा अभ्यासकांनी या गावाच्या बोलण्यावर १९७१ साली एक निबंध प्रसिद्ध केला. भाषाविज्ञान शिकणाऱ्या जगभरच्या विद्यार्थ्यांना कुपवाड हे नाव ठाऊक असतं. आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? हात वर करू नका, मला अंदाज आहे.

त्या गावात जमीनवाल्या जैनांच्या घरी कानडी, लिंगायतांच्या घरी कानडी, मुसलमान शेतकऱ्यांच्या घरी उर्दू, दलित भूमिहीनांच्या घरी मराठी आणि दोर वळणाऱ्या कुटुंबांत तेलुगू. गावातले जवळजवळ सगळे पुरुष दोन किंवा अधिक भाषा बोलत. पिढ्यानपिढ्या, दिवसातून दहा वेळा भाषा बदलत जगल्यामुळे या भाषांची वाक्यरचना एकमेकींच्या इतकी जवळ आली, की ‘पाला जरा कापून घेऊन आलो’ हे वाक्य तिथल्या उर्दूत किंवा कानडीत नेताना फक्त शब्दाच्या जागी शब्द ठेवायचा. क्रम तोच, जोडणी तीच. शब्द मात्र ज्याने त्याने आपल्या घरचे राखले. वाक्याचा सांगाडा सगळ्यांचा मिळून एक, आणि त्यावर चढणारे शब्द घराघरांचे वेगळे!

याला तुम्ही बिघाड म्हणता. मी म्हणतो, शाळेचं तोंडही न पाहिलेल्या माणसांनी केलेलं हे व्याकरणाचं काम आहे, आणि ते आपल्या कुठल्याही समितीला जमलं नसतं. बहुभाषक माणसाच्या डोक्यात भाषांच्या बंद खोल्या नसतात. एका भाषेत लावलेली शिस्त तो दुसरीत वापरतो आणि डोक्यावरचा भार हलका करतो. त्याच्यापुढे एकभाषकाची फूटपट्टी धरली की तो प्रत्येक भाषेत थोडा तोकडा दिसणारच. दोष फूटपट्टी धरणाऱ्याचा.

आता खरी झोंबणारी गोष्ट. कुपवाडात एका जातीचा माणूस दुसऱ्या जातीच्या माणसाशी बहुधा मराठीतून बोले. का? मराठी थोर म्हणून? नाही. ती ना जमीनदार जैनांच्या घरची होती ना मुसलमान शेतकऱ्यांच्या. ती बोलल्याने कुणाची मान खाली जात नव्हती. म्हणजे ज्या चव्हाट्यावर मराठी मिरवत होती, तिथे तिला उभं केलं ते ज्यांची ती दुसरी, तिसरी भाषा होती त्यांनी. आणि आपण त्यांच्याच नातवंडांच्या उच्चारांना हसतो.

दर ५ नोव्हेंबरला आपण सांगलीत रंगभूमी दिन साजरा करतो. विष्णुदास भावे यांनी १८४३ साली ‘सीता स्वयंवर’ केलं, ते सांगलीचे संस्थानिक चिंतामणराव पटवर्धन यांच्या सांगण्यावरून. चिंतामणरावांना ती ओढ कशामुळे लागली? कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ पाहून. कानडी शिरली म्हणून रडायचं असेल तर ५ नोव्हेंबरपासून सुरुवात करा. आणि द. रा. बेंद्रे? घरची भाषा मराठी, कविता कानडीत, ज्ञानपीठ १९७३ साली. त्यांनी मराठीतही लिहिलं. ‘तुमची नक्की भाषा कोणती’ असं धारवाडने त्यांना दटावलं असतं तर कन्नडचाच तोटा होता.

गेल्या वर्षीच्या, म्हणजे २०२५च्या, हिंदीच्या वादावर बोलल्याशिवाय मला इथून उतरू देणार नाही, तर तेही घ्या. पहिलीपासून तिसरी भाषा म्हणून हिंदी आणण्याला माझा विरोध होता. २९ जूनला राज्य सरकारने त्याचे आदेश मागे घेतले, मला आनंद झाला. पण आपल्याच बाजूचे लोक व्यासपीठांवरून सांगत होते, की लहान मुलाच्या मेंदूला तीन भाषा पेलत नाहीत. साफ खोटं! मिरजेच्या गल्लीतलं पोर त्या पेलतं, तीही फुकट. विरोध सक्तीला करायचा होता, शिक्षकांवाचून भाषा लादण्याला करायचा होता. मेंदूच्या नावाने खोटं बोलून जिंकलेली लढाई उद्या आपल्याच अंगावर येते. उद्या कुणी म्हणेल, घरी कानडी बोलणाऱ्या मुलाला मराठीचा बोजा नको. काय उत्तर द्याल?

दोन भाषांनी मूल मंद होतं, असं वेल्समधल्या एका अभ्यासाने १९२३ साली सांगितलं होतं. १९६२ साली मॉन्ट्रियलच्या पील आणि लॅम्बर्ट यांनी मुलांची घरची परिस्थिती नीट जुळवून पाहिली तर उलटंच दिसलं. हैदराबादेत सुवर्णा अल्लादी आणि सहकाऱ्यांनी स्मृतिभ्रंशाचे ६४८ रुग्ण तपासले, तेव्हा एकाहून अधिक भाषा बोलणाऱ्यांत आजार सरासरी साडेचार वर्षं उशिरा दिसला, निरक्षरांतसुद्धा. २०१३ची गोष्ट. मी याचा झेंडा करणार नाही. अशा निष्कर्षांवर वाद चालू आहेत, आणि ‘दोन भाषांनी मेंदू तल्लख’ हे वाक्य इंग्रजी शाळांच्या जाहिरातींना फार आवडतं. तिथे दुसरी भाषा म्हणजे इंग्रजीच. मराठी-इंग्रजी बोलणारा आपल्याला सुसंस्कृत दुभाषी वाटतो. कानडी, उर्दू, मराठी बोलणारी भाजीवाली अशुद्ध. जनगणनेचा कागदसुद्धा मातृभाषेखेरीज दोनच भाषा लिहून घेतो. सोलापुरात विड्या वळणाऱ्या कितीतरी बायकांची चौथी भाषा त्यावर मावत नाही.

आता कामाचं. या संमेलनाच्या शालेय निबंधस्पर्धेच्या पत्रकावर ‘मातृभाषा मराठी असलेल्या विद्यार्थ्यांसाठी’ अशी अट छापली आहे. ती कुणी घातली हे मला विचारायचं नाही. त्या अटीत न बसणारी मुलं बाहेर उभी आहेत, त्यांच्या शिक्षकांनी मला दाराशीच गाठलं. अट आज, आत्ता काढा आणि त्या मुलांचे निबंध परीक्षकांकडे पाठवा. नाही काढलीत, तर उद्याची बक्षिसं दुसऱ्या कुणाच्या हातून वाटा.