पुनर्मूल्यांकनातील विलंब आणि कायद्याचा आधार
(वाळूज येथील वार्षिक संमेलनातील भाषण)



वाळूजच्या कारखान्यांत राबणाऱ्या आपल्या बांधवांची मुले आज पदवीपर्यंत पोहोचत आहेत, ही आनंदाची गोष्ट होय. परंतु पुनर्मूल्यांकनाचा निकाल पुढील प्रवेशाची मुदत टळल्यावर हाती आला, तर वाढलेले गुणही व्यर्थ ठरतात. २०१७ साली मुंबई विद्यापीठाचे निकाल रखडले आणि अखेर कुलगुरूंना पद सोडावे लागले, हे सर्वश्रुतच आहे.

अशा वेळी केवळ हळहळून भागत नाही. परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत निकाल लावावा, असे महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ सांगतो. पुनर्मूल्यांकन मात्र नियमांत तरतूद असेल तरच मागता येते; सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली महाराष्ट्रातीलच एका प्रकरणात मंडळाची पुनर्मूल्यांकनास मनाई वैध ठरविली. म्हणून प्रथम नियम वाचावेत, अर्जाची व शुल्काची पावती जपावी. आपली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क त्याच न्यायालयाने २०११ साली माहिती अधिकाराखाली मान्य केला; त्या अर्जास ३० दिवसांत उत्तर मिळावयास हवे.

तरीही दाद न लागल्यास विद्यापीठाकडे लेखी तक्रार करावी, आणि शेवटी अनुच्छेद २२६ अन्वये छत्रपती संभाजीनगर येथील उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे जावे. न्यायालय सहसा स्वतः गुण देत नाही. पण निर्णयास मुदत बांधून देऊ शकते.

ज्या घरात पहिलाच पदवीधर होत आहे, त्याच्या पाठीशी समाजातील वकील मंडळींनी उभे राहावे, एवढीच आमची विनंती आहे.