लेसरने केस काढण्यापूर्वी त्वचेची तयारी
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



वर्धापनदिनाच्या भाषणाला हा विषय घेतला हे ऐकून दोन-तीन वडील भगिनींनी नाक मुरडले, असे माझ्या कानावर आले आहे. हनुवटीवरच्या केसांवर का कुठे भाषण करतात, असे त्यांचे म्हणणे. त्यांना माझे एवढेच सांगणे आहे की, ज्या मुलीला हनुवटीवर राठ केस येतात ती चारचौघींत ओढणी तोंडाशी धरून बसते, फोटोच्या वेळी मागे सरते आणि आईलाही धड सांगत नाही. अशा मुली माझ्या दवाखान्यात येतात त्या बहुधा दुसरे काहीतरी दाखविण्याच्या निमित्ताने. आता अमरावतीस व अकोल्यासही लेसरची यंत्रे आली आहेत, जाहिराती जागोजागी आहेत. मुली जाणारच. तेव्हा जाण्यापूर्वी काय करावे व काय करू नये हे आयांनी आणि मावश्यांनी समजून घेतलेले बरे.

लेसर म्हणजे एका ठराविक रंगाचा, एकवटलेला प्रकाश. थिओडोर मेमन ह्या अमेरिकन शास्त्रज्ञाने पहिला लेसर १९६० साली चालवून दाखविला. प्रकाशाची लांबी आणि झोताचा वेळ नेमका साधला तर शेजारच्या भागाला न दुखविता हवा तेवढाच भाग तापविता येतो, हे तत्त्व अँडरसन व पॅरिश ह्या बोस्टनच्या दोन डॉक्टरांनी १९८३ साली मांडले. केस काढण्याची यंत्रे त्यावरच उभी आहेत. उन्हात काळी साडी वाळत घातली तर ती पांढऱ्या साडीपेक्षा अधिक तापते, हे आपणा सर्वांच्या अनुभवाचे. लेसरही तसाच काळ्या रंगावर जातो. केसात जे काळे द्रव्य असते ते तापते, ती धग केसाच्या मुळाशी पोचते आणि मूळ निकामी होते. पण मैत्रिणींनो, हेच काळे द्रव्य आपल्या कातडीतही आहे. लेसरला केस कोणता आणि कातडी कोणती हे कळत नाही, त्याला काळे तेवढे कळते. गोऱ्या कातडीवर काळा केस असेल तर काम सोपे. आपल्या सावळ्या कातडीवर तोच झोत चुकीचा पडला की कातडी भाजते, फोड येतात आणि नंतर डाग राहतो. तो डाग महिनोन् महिने जात नाही. केसापायी सुरू केलेला उपाय डागापाशी येऊन थांबावा, ह्याइतके वाईट दुसरे नाही. म्हणून तयारी हवी.

तयारीची पहिली गोष्ट ऊन. आपल्या वऱ्हाडात ह्याविषयी अधिक सांगावयास नको. मे २०२४ मध्ये अकोल्यात उन्हामुळे जमावबंदीचे कलम लावून शिकवणी वर्गांच्या दुपारच्या वेळा बदलावयास लावल्या होत्या, हे आपल्या स्मरणात असेलच. उन्हात काळवंडलेल्या कातडीत काळे द्रव्य वाढलेले असते आणि लेसर ते हटकून पकडतो. म्हणून ज्या भागावर लेसर घ्यावयाचा तो भाग निदान चार आठवडे आधीपासून उन्हापासून जपावा. आपल्या मुली स्कूटरवर ओढणी बांधून जातात त्याची वडीलमंडळी थट्टा करतात, पण ती ओढणी शहाणपणाची आहे. मात्र नाक-डोळे झाकले आणि दंड उघडे राहिले, तर दंडावर लेसर घ्यावयाचा नाही. उघड्या भागावर ३० किंवा त्याहून अधिक अंकाचे सनस्क्रीन, घराबाहेर पडण्यापूर्वी वीस मिनिटे, भरपूर लावावे आणि दोन-तीन तासांनी पुन्हा लावावे. सकाळी एकदा बोटभर लावून संध्याकाळपर्यंतचे काम झाले असे समजू नये. शेतावर जाणाऱ्या बायकांना हे सारे जमणे कठीण, हे मी जाणते. त्यांनी हिवाळ्यातला वेळ धरावा, पूर्ण बाह्यांचा सदरा व डोक्यावर रुमाल असावा, आणि हातपाय काळवंडलेले असतील तर डॉक्टर ‘आज नको’ म्हणतील ते मानावे.

दुसरी गोष्ट केस मुळासकट न उपटण्याची, आणि हिच्यावरच पुष्कळांचे पैसे वाया जातात. दोरा, मेण, चिमटा, ह्या साऱ्या उपायांत केस मुळापासून निघतो. ज्या केसाने लेसरची धग मुळापर्यंत न्यावयाची तोच जाग्यावर नसेल, तर झोत पडून उपयोग काय? म्हणून लेसरच्या आधी चार ते सहा आठवडे उपटणे सर्वस्वी बंद. दोन बैठकींच्या मधल्या काळातही बंद. केस वाढलेले बघवत नसतील तर वस्तऱ्याने किंवा कात्रीने कापावेत. वस्तऱ्याने केस राठ व दाट होतात ही आपल्या घराघरांतली समजूत खरी नाही. कापलेल्या केसाचे टोक बोथट असते म्हणून तो हाताला राठ लागतो, इतकेच. लेसरच्या आदल्या दिवशी तर तो भाग स्वच्छ कापूनच जावयाचे असते, कारण वर राहिलेला केस जळून कातडीला चटका देतो.

एका बैठकीत सगळे का जात नाही, असे मला नेहमी विचारतात. कापसाची बोंडे एकाच दिवशी फुटतात का? पहिली वेचणी होते, मग दुसरी, मग तिसरी. केसांचेही तसेच. काही वाढत असतात, काही विसावलेले असतात, आणि लेसर वाढत्या केसालाच नीट लागतो. म्हणून चेहऱ्याला चार ते सहा आठवड्यांनी आणि अंगाला सहा ते आठ आठवड्यांनी एकेक, अशा साधारण सहा ते आठ बैठका लागतात. त्यानंतरही केस विरळ व बारीक होतात, समूळ नाहीसे होतील अशी हमी कोणी देऊ नये आणि आपण घेऊ नये. लग्न मे महिन्यात असेल तर मार्चमध्ये धावपळ करून काही साधत नाही. आदल्या पावसाळ्याच्या शेवटाशी सुरुवात करावी म्हणजे बऱ्याचशा बैठका थंडीत होतात.

आता मलमांविषयी, आणि हे मी जरा निक्षून सांगणार आहे. गोरे होण्यासाठी म्हणून औषधाच्या दुकानातून चिठ्ठीवाचून जी मलमे आणली जातात त्यांतल्या कित्येकांत स्टिरॉइड असते. चार-आठ दिवस चेहरा उजळ दिसतो, मग कातडी पातळ होते, लाल होते, मुरूम येतात, आणि चेहऱ्यावर केसही वाढतात! अशी पुष्कळशी मलमे सरकारने २०१८ साली चिठ्ठीवाचून न विकण्याच्या यादीत घातली, तरी ती मिळतातच. वर्षानुवर्षे ती लावलेल्या चेहऱ्यावर एकदम लेसर मारणे धोक्याचे आहे. आधी डॉक्टरांच्या देखरेखीखाली ते मलम सोडावे, कातडी सावरू द्यावी. नळी पिशवीत घालून न्यावी आणि न लाजता दाखवावी. ब्लीच, लिंबाचा रस, खरखरीत उटणी हीही आधीचे काही आठवडे नकोत. लिंबू लावून उन्हात गेले तर कातडीवर काळे चट्टे उठतात, हे लक्षात ठेवावे.

दुसरे मलम बधिर करणारे. लेसर घेताना रबराचा पट्टा ताणून सोडल्यासारखा चटका लागतो, तो सोसण्याजोगा असतो. तो लागू नये म्हणून अमेरिकेत २२ व २५ वर्षांच्या दोन स्त्रियांनी पायांना बधिर करणारे मलम लावले आणि सांगितल्याप्रमाणे वरून प्लास्टिक गुंडाळले. औषध कातडीतून रक्तात उतरले, झटके आले, त्या बेशुद्ध पडल्या आणि दोघीही गेल्या. तिकडच्या अन्न व औषध प्रशासनाला २००७ साली त्याबद्दल जाहीर इशारा द्यावा लागला. घरी, मनाने, मोठ्या भागावर असले मलम कधीही लावू नये. लावावयाचे तर किती, कोठे आणि किती वेळ हे डॉक्टरांनीच ठरवावे.

डॉक्टरांना सांगावयाच्या गोष्टी पुष्कळ आहेत. दिवस गेले असतील तर ते आधी सांगावे, लेसर बाळंतपणानंतर पाहता येतो. मुरुमांच्या किंवा इतर कोणत्याही गोळ्या चालू असतील तर सांगावे, कारण काही औषधांनी कातडी उन्हाला व प्रकाशाला हळवी होते. ओठाच्या कडेला वारंवार पाण्याचे फोड येत असतील तर सांगावे, म्हणजे आधी गोळ्या देता येतात. गोंदणावर लेसर कधीही घेऊ नये. हनुवटीवर, दंडावर गोंदलेले आपल्याकडे अजून पुष्कळ आहेत आणि ती शाई केसाहूनही लवकर तापते. अंगावर फिकट, स्पर्श न कळणारा चट्टा असेल तर लेसर बाजूला ठेवून आधी तो तपासून घ्यावा. दाजीसाहेब पटवर्धनांनी उभारलेले तपोवन ज्या अमरावतीत आहे, तेथे असा चट्टा लपविण्याचे कारण नाही. कुष्ठरोग वेळेवर औषध घेतल्यास पूर्ण बरा होतो.

आणि पाळीविषयी बोलावे. पाळी महिना-दोन महिने चुकते, वजन वाढते, मुरूम येतात आणि त्याबरोबरच हनुवटीवर राठ केस येतात, असे असेल तर मूळ कारण बीजकोशाचे व संप्रेरकांचे असू शकते. नुसता लेसर घेतला तर एकीकडे काढावे आणि दुसरीकडे उगवावे असे होते. रक्ताची तपासणी व स्त्रीरोगतज्ज्ञांचा सल्ला आधी. ज्यांना खर्चाची अडचण आहे त्यांनी अकोल्याच्या सर्वोपचार रुग्णालयातील त्वचारोग विभागात निदान तपासून तरी घ्यावे.

लेसर कोणाच्या हाती आहे ते विचारण्यात संकोच नसावा. डॉक्टरांचा नोंदणी क्रमांक दवाखान्यात लावलेला असतो, तो पाहावा. यंत्र कोणते, हेही विचारावे. १०६४ नॅनोमीटरचा एनडी-यॅग लेसर कातडीच्या वरच्या काळ्या थराला कमी लागतो, म्हणून सावळ्या वर्णाला तो अधिक सुरक्षित. डायोडही जपून वापरता येतो. पहिल्याच दिवशी सगळा चेहरा न करता कोपऱ्यात लहानशी जागा करून पाहावी आणि काही दिवस थांबावे. जो डॉक्टर ही चाचणी घेतो त्याच्यावर विश्वास ठेवावा, जो सवलत आजच संपते म्हणतो त्याच्याकडून उठून यावे. गालावरच्या बारीक लवेवर लेसर घेण्याचा हट्टही धरू नये, आपल्या वर्णाच्या स्त्रियांत तेथे कधी कधी केस उलट दाट होतात.

प्रत्यक्ष त्या दिवशी आंघोळ करून, त्या भागाला तेल, पावडर, अत्तर काही न लावता, सैल सुती कपडे घालून जावे. डोळ्यांना चष्मा लावल्याखेरीज यंत्र सुरू करू देऊ नये, आणि भुवयांच्या खाली, पापणीच्या बाजूला लेसर घेऊच नये.

आता वडील भगिनींसाठी. पिकलेल्या केसांना लेसरचा उपयोग नाही, कारण त्यात काळे द्रव्यच नाही. त्यासाठी विजेच्या सुईने एकेक मूळ जाळण्याची जुनी रीत आहे, ती १८७५ पासून चालत आली आहे, पण तिला वेळ व चिकाटी फार लागते. हनुवटीवर दोन-चारच पांढरे केस असतील तर चिमटा घ्यावा, आरशापाशी उजेडात बसावे आणि खुशाल उपटावेत. तुम्हाला चार आठवड्यांचे पथ्य नाही.