पुणेरी पलटणचा हंगाम आणि खेळाडूचे मोल



या व्यासपीठावर काल-परवा विद्वान मंडळी बोलून गेली. आज त्यांच्या जागी सातवीत शाळा सोडलेला कामगार चळवळीतला माणूस उभा आहे, आणि त्याने विषय घेतला आहे कबड्डीचा. आत येताना एका स्नेह्यांनी मला हटकले, "तुमच्या युनियनचा आणि कबड्डीचा संबंध काय हो?" मी म्हणालो, "तासाभराने सांगतो." ते समोरच बसले आहेत, त्यामुळे आता मला सुटका नाही.

सातारा-सांगलीच्या माणसाला कबड्डी शिकवावी लागत नाही. कृष्णाकाठच्या कोणत्याही गावी तालमीच्या शेजारी रेघा मारलेले मैदान असायचेच. कोणी त्याला हुतूतू म्हणे, कोणी कबड्डी. या खेळाचे नियम 1923 साली बडोद्याला छापले गेले. 1936 साली अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने बर्लिनला त्याचे प्रात्यक्षिक दाखविले. 1950 साली अखिल भारतीय संघटना झाली. शंकरराव साळवी, ज्यांना आपण सारे बुवा म्हणून ओळखतो, त्यांनी या खेळासाठी उभे आयुष्य वेचले. आणि 1990 साली बीजिंगच्या आशियाई स्पर्धेत तो पदकांचा खेळ झाला. एवढा प्रवास झाला, तरी खेळणाऱ्या पोराच्या हाती काय पडे? एखादी ढाल, एखादे पातेले, नशीब जोरावर असले तर रेल्वेत, पोलिसांत, बँकेत किंवा कारखान्यात चिकटण्याची संधी. नोकरी हेच खरे बक्षीस होते.

2014 च्या जुलैमध्ये प्रो कबड्डी लीग सुरू झाली आणि हे चित्र पालटले. माती जाऊन मॅट आली, दिवे आले, दूरदर्शन संचासमोर घरोघरच्या आयाबायाही "पकड, पकड" म्हणून ओरडू लागल्या. मी या लीगला नावे ठेवायला उभा राहिलेलो नाही. ज्या खेळाने पूर्वी पातेले दिले त्याने आता घर बांधून दिले, ही काही लहान गोष्ट नव्हे. परंतु जमाखर्चाच्या वहीला दोन बाजू असतात, आणि दुसरी बाजू वाचून दाखविणे हा माझा धंदाच आहे. त्यासाठी मी एकच हंगाम घेतो, आपल्या पुणेरी पलटणचा 2023-24 चा.

पलटण पहिल्या दोन हंगामांत तळाला होती. 2022 च्या डिसेंबरात ती पहिल्यांदा अंतिम सामन्यात पोहोचली आणि जयपूरकडून 33-29 अशी हरली. त्या दिवशी तिचे दोन मोहरे, अस्लम इनामदार आणि मोहित गोयत, दुखापतीमुळे बाहेर बसले होते. पुढच्या हंगामात याच अस्लमला कप्तान केले. हा मुलगा नगर जिल्ह्यातला, श्रीरामपूर तालुक्यातल्या टाकळीभानचा. वडील लवकर वारले, आईने कष्ट करून मुलांना वाढविले. अशी घरे आपण सारे ओळखतो. कित्येकांची तर स्वतःचीच तशी आहेत.

2023 च्या ऑक्टोबरात दोन गोष्टी घडल्या. 7 तारखेला हांगझोऊ येथे आशियाई स्पर्धेचा अंतिम सामना भारत आणि इराण यांच्यात झाला. एका चढाईच्या गुणांवरून वाद पेटला, सामना बराच वेळ खोळंबला, आणि शेवटी भारताने तो 33-29 असा जिंकला. अस्लम आपल्या संघात होता. पलीकडे इराणकडून महंमदरेझा शादलुई हा दणकट पकडवीर उभा होता. त्यानंतर दोनच दिवसांनी मुंबईत लीगचा लिलाव झाला आणि त्याच शादलुईला पलटणने 2 कोटी 35 लाखांना घेतले. काल एकमेकांचे पाय ओढणारे उद्या एकमेकांचे हात धरून साखळी करणार! कबड्डीत ही साखळी म्हणजे जीव असतो. कोपऱ्यावरच्या गड्याने पाय धरला आणि मधला गडी वेळेवर आला नाही, तर धरणाराच बाद होतो. संघटनेचा पहिला धडा मी पुस्तकात वाचला नाही, तो याच साखळीत शिकलो.

हंगाम 2 डिसेंबरला अहमदाबादेत सुरू झाला. बारा संघ, बारा शहरे, प्रत्येकाचे बावीस सामने. आज या गावी, आठवड्याने त्या गावी, तमाशाच्या फडासारखा तीन महिने हा तळ हालत होता. प्रशिक्षक होते कर्नाटकचे बी. सी. रमेश. त्यांच्या हाताखाली पलटणने बावीसपैकी सतरा सामने जिंकले, तीन बरोबरीत सोडविले आणि फक्त दोन गमावले. 96 गुणांनी ती सर्वांच्या वर राहिली. या संघाचे वैशिष्ट्य असे की, तो एकट्याच्या खांद्यावर उभा नव्हता. अस्लम अडला तर मोहित जाई, मोहित बसला तर पंकज मोहिते किंवा नाशिकचा आकाश शिंदे जाई. मागे शादलुई, गौरव खत्री, अभिनेष नादराजन, संकेत सावंत अशी भिंत होती. इराणी, हरियाणवी, तमिळ आणि मराठी माणसे एका रेषेवर!

उपांत्य सामन्यात पाटण्याला 37-21 असे लोळविले. 1 मार्च 2024 रोजी हैदराबादेत हरियाणाशी अंतिम गाठ पडली. सामना अटीतटीचा झाला. पंकज मोहितेने एकाच चढाईत चार गडी टिपले, तेथे पारडे झुकले, आणि पलटणने 28-25 असा विजय मिळविला. अवघ्या तीन गुणांनी! अस्लम हंगामाचा सर्वोत्तम खेळाडू ठरला, शादलुई सर्वोत्तम बचावपटू. विजेत्या संघाला तीन कोटींचे बक्षीस मिळाले. त्या रात्री आमच्या युनियनच्या कचेरीत पेढे वाटले गेले, आणि मीही खाल्ले, हे कबूल करतो.

आता थोडे त्रैराशिक मांडू. बावीस आणि दोन मिळून चोवीस सामने. एक सामना चाळीस मिनिटांचा. म्हणजे एकूण सोळा तास. वर्षभराची मेहनत, आणि वर्षाचा भाव ठरणार या सोळा तासांवर. त्या लिलावात सर्वांत खालच्या गटाची बोली नऊ लाखांपासून सुरू होत होती, आणि सर्वांत चढी बोली 2 कोटी 60 लाखांच्या वर गेली. ज्याचे नाव पुकारूनही कोणी हात वर केला नाही, त्याचा आकडा कोणत्याच वर्तमानपत्रात येत नाही.

आपण सांगलीकर. लिलाव आपल्याला नवा नाही. हळदीचे आणि गुळाचे सौदे आपल्या पेठेत रोज होतात. पण हळद बोलत नाही. तिला घर नसते, म्हातारी आई नसते, गुडघा नसतो. आणि हळद विकली की पैसे घेऊन तिचा मालक घरी जातो. खेळाडू मात्र स्वतःच माल आणि स्वतःच शेतकरी. पीक एकदाच येते, दहा-बारा वर्षांचे, आणि ते त्याच्या हाडामांसातून येते.

आता पुढे काय झाले ते पाहा. पुढच्याच लिलावात शादलुई 2 कोटी 7 लाखांना हरियाणाकडे गेला, आणि 2024 च्या डिसेंबरात, पुण्यातच, बालेवाडीत, हरियाणा विजेता झाला. त्याच्या पुढच्या वर्षी तो 2 कोटी 23 लाखांना गुजरातेत. तीन वर्षे, तीन मालक. इकडे अस्लमच्या गुडघ्याला हंगामाच्या सुरुवातीसच दुखापत झाली, तो बाहेर बसला, आणि विजेती पलटण एकदम आठव्या जागी घसरली. 2025 मध्ये तो परत उभा राहिला, पलटण पुन्हा गुणांत पहिली आली, आणि 31 ऑक्टोबरला दिल्लीशी 31-28 अशी अंतिम सामन्यात हरली. पुन्हा तीनच गुण! अस्लम कप्तान होता, नामांकित होता, म्हणून त्याच्या गुडघ्याची बातमी झाली. नऊ लाखवाल्याच्या गुडघ्याची बातमी कोण देणार?

गुडघ्याविषयी मी इतके का बोलतो, ते सांगितले पाहिजे. मीही उजव्या कोपऱ्याला खेळत असे. मी कराड तालुक्यातला. या जिल्ह्यात आलो तो एका सूतगिरणीच्या कबड्डी संघामुळे. गिरणीचे नाव घेत नाही. मला बदली कामगार म्हणून घेतले ते माझ्या पकडीसाठी, हे साहेबापासून शिपायापर्यंत सर्वांना ठाऊक होते. 1993 साली एका स्पर्धेत माझा गुडघा निखळला. तीन आठवड्यांनी लंगडत गेलो, तर हजेरीपटावर नाव नव्हते. मी भरपाई मागितली. अधिकारी शांतपणे म्हणाले, "अपघात कामावर झालेला नाही, खेळताना झाला आहे." आणि त्यांनी माझ्याच सहीचा कागद पुढे ठेवला. मी स्वखुशीने खेळतो, जबाबदारी माझी, असे त्यात होते. मी तो न वाचता सही केली होती.

माझ्या मनात एकच गोष्ट फिरू लागली. नोकरी देताना खेळ हे काम होते. पाय मोडल्यावर खेळ हे काम राहिले नाही! मी नगर वाचनालयात जाऊन बसू लागलो. तेथे मला कळले की, कामगार नुकसानभरपाईचा कायदाही 1923 सालचाच आहे. ज्या वर्षी कबड्डीचे नियम छापले गेले, त्याच वर्षी कामावर मोडलेल्या हाताची किंमत ठरविणारा कायदा झाला. दोघे एका वर्षाचे भाऊ, पण त्यांची भेट कोणी घालून दिली नाही. मला भरपाई मिळाली नाही. वाचनाची सवय मात्र लागली, आणि ती मला युनियनमध्ये घेऊन आली.

आता जरा सातासमुद्रापलीकडे जाऊ. ही भेट दुसऱ्या एका देशात, दुसऱ्या एका खेळात घडली आहे. अमेरिकेत बेसबॉल हा धंदेवाईक खेळ आपल्या लीगपेक्षा शतकाहून जुना. तेथे करारनाम्यात एक कलम असे. त्याच्या आधारे मालक खेळाडूला जन्मभर बांधून ठेवू शके, हवे तेव्हा दुसऱ्याला देऊन टाकू शके. 1966 साली खेळाडूंनी आपल्या संघटनेसाठी मार्विन मिलर नावाचा माणूस आणला. तो कोठून आणला? पोलाद कामगारांच्या युनियनमधून! तेव्हा किमान वार्षिक वेतन सहा हजार डॉलर होते. 1968 च्या पहिल्या सामुदायिक करारात ते दहा हजार झाले. पुढच्या वर्षी कर्ट फ्लड या खेळाडूला न विचारता दुसऱ्या संघाला दिले गेले. तो कृष्णवर्णीय होता, वर्षाला नव्वद हजार डॉलर मिळवीत होता. तो म्हणाला, मी विकत घेण्याची वस्तू नाही. खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, 1972 साली तो हरला, त्याचा खेळही संपला. पण 1975 च्या डिसेंबरात लवादाने दोन गोलंदाजांच्या बाजूने निकाल दिला आणि ते कलम ढासळले. ज्याने दार ठोठावले तो बाहेरच राहिला, आत दुसरे गेले. चळवळीत असे पुष्कळदा होते.

"आपल्याकडे हे कसे जमणार?" असे कोणी विचारील. मी म्हणतो, यासाठी अमेरिकेला जाण्याचेही कारण नाही. सातारा जिल्ह्यातल्या पाटण तालुक्यात मंद्रुळकोळे गाव आहे. तेथल्या अण्णासाहेब पाटलांनी मुंबईत पाठीवर ओझे वाहणाऱ्या माणसांना एकत्र केले. माथाड्याची अडचण कोणती? तो सकाळी एका व्यापाऱ्याचे पोते उचलतो, दुपारी दुसऱ्याचे. त्यामुळे मालक कोण, हेच ठरत नसे, आणि कोणीच जबाबदार नसे. 1969 च्या माथाडी कायद्याने यावर तोड काढली. प्रत्येक व्यापाऱ्याने मजुरी आणि तिच्यावरची लेव्ही मंडळाकडे भरावयाची, आणि मंडळाने हमालाला मजुरी, भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटी द्यावयाची. मालक बदलो, मंडळ तेच राहते.

आणि तीन वर्षांत तीन मालक बघणारा खेळाडू कोण आहे? तोही माथाडीच, फक्त ओझे वेगळे. मग प्रत्येक बोलीवर ठराविक लेव्ही एका मंडळात का जमा होऊ नये? त्यातून जायबंदी खेळाडूचे उपचार व्हावेत, खेळ संपल्यावर पस्तिशीच्या माणसाला निर्वाह मिळावा. आणि त्या मंडळावर खेळाडूंनी निवडलेली माणसे असावीत. गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी 1952 साली हेलसिंकीला देशासाठी कांस्यपदक आणले, आणि पुढे पोलीस खात्यातून निवृत्त झाल्यावर त्यांना निवृत्तिवेतनासाठी झगडावे लागले. मिरवणुकीच्या बैलगाड्या मोजण्यात आपण हुशार, पण मिरवणूक संपल्यावर पैलवान जेवतो की नाही, हे कोणी पाहिले?

अलीकडे मार्केट यार्डातले एक हमाल माझ्याकडे आले. म्हणाले, "आण्णा, पोराचं नाव लिलावात येणार म्हणत्यात. आयटीआय सोडून जातो म्हणतोय. पाठवू का नको?" मी बराच वेळ गप्प राहिलो. नको म्हणावे, तर मी माझा मोडका गुडघा त्या पोराच्या पायात बांधला असता. हो म्हणावे, तर त्या कागदाची आठवण येत होती. शेवटी मी सांगितले, "पाठवा. पण आयटीआयची परीक्षा देऊन जाऊ दे. आणि सही करण्याआधी चार गोष्टी विचारायच्या. करार किती वर्षांचा? दुखापत झाली तर खर्च कोणाचा? बाहेर बसलो तर पैसे मिळणार का? आणि मधल्या महिन्यांत दुसरीकडे खेळायची मोकळीक आहे का? उत्तर तोंडी नको, कागदावर पाहिजे."

ते म्हणाले, "एवढं इचारल्यावर घेतील का त्याला?"

मंडळी, या प्रश्नाचे उत्तर मी एकटा देऊ शकलो नाही. एकट्या पोराने विचारले, तर कदाचित घेणार नाहीत. सगळ्यांनी मिळून विचारले, तर घ्यावेच लागेल. कारण सात गडी उभे राहिल्यावाचून सामना सुरू होत नाही. माझ्या स्नेह्यांनी दारात विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर हेच. कबड्डीत एकटा पकड करायला गेला तर बाद होतो, साखळीने गेला तर चढाई करणारा कितीही दांडगा असो, थांबतो.

पुढच्या हंगामात पलटण जिंकली, तर पेढे जरूर वाटा. मलाही एक ठेवा. फक्त पेढा तोंडात घालताना, बाकावर बसलेल्या, ज्याचे नाव आपल्याला आठवत नाही अशा त्या गड्याची विचारपूस करा.