हसू आणि मान : मार्गारेट रदरफोर्ड
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



नाटकात एखादी प्रौढ, अविवाहित, विचित्र पोशाखाची बाई आली, की ती तोंड उघडण्यापूर्वीच आपण हसू लागतो. विलायतेतही हीच रीत. अशाच बायकांच्या भूमिका करून नावारूपाला आलेल्या मार्गारेट रदरफोर्ड या इंग्रज नटीविषयी आज चार शब्द सांगावेत असे योजिले आहे.

लोकांना पोट धरून हसवणाऱ्या या बाईचे बालपण मात्र हसण्यासारखे नव्हते. तिच्या वडिलांनी १८८३ साली वेडाच्या भरात आपल्या जन्मदात्याचा जीव घेतला होता. वेड्या गुन्हेगारांच्या इस्पितळातून सुटल्यावर त्यांनी आडनाव बदलले. मार्गारेटचा जन्म १८९२ चा, लंडनचा. ती तान्ही असतानाच आईवडील तिला घेऊन मद्रासेस आले. तेथे आईने आत्मघात केला, आणि तीन वर्षांची पोर विंबल्डनला मावशीच्या पदरात पडली. वडील वारले, असे तिला सांगण्यात आले होते. ते जिवंत असून पुन्हा त्याच इस्पितळात आहेत, हे तिला पुढे बाराएक वर्षांची झाल्यावर कळले. हे वेड आपल्याही रक्तात उतरले असेल काय, या भीतीने तिची पाठ जन्मभर सोडली नाही. अधूनमधून खिन्नतेचे झटके येत, ते वेगळेच.

रंगभूमीची ओढ लहानपणापासूनची. पण पोटासाठी ती मुलांना पियानो व वक्तृत्व शिकवीत राहिली. मावशीच्या पश्चात थोडा पैसा हाती आला, तेव्हा १९२५ साली, ३३ व्या वर्षी, ती ‘ओल्ड विक’ या नाट्यगृहात उमेदवारीला लागली. त्यानंतरही काम मिळेना, म्हणून पुन्हा शिकवण्या धरल्या. लंडनमध्ये खरा जम बसला तो १९३८ च्या ‘स्प्रिंग मीटिंग’ या नाटकाने, म्हणजे वयाच्या ४६ व्या वर्षी! नायिकेचा चेहरा तिला लाभला नव्हता. गंभीर भूमिकांची हौस होती, वाट्याला आल्या त्या विनोदी.

पण तिची खुबी पाहा. नोएल कॉवर्ड यांच्या ‘ब्लाइद स्पिरिट’ या १९४१ च्या नाटकात मृतात्म्यांना बोलावणाऱ्या मादाम आर्काटीची भूमिका स्वीकारताना ती प्रथम कचरली. अशा विद्येवर श्रद्धा ठेवणाऱ्यांची थट्टा करणे तिला रुचेना. अखेर तिने आर्काटी रंगविली ती पुऱ्या श्रद्धेने. आर्काटीला स्वतःत हसण्यासारखे काहीच दिसत नाही, आणि नेमके म्हणूनच प्रेक्षकांची हसता हसता पुरेवाट होते. १९४५ च्या चित्रपटात आजही ते पाहावयास मिळते. १९५२ च्या ‘द इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट’ मधील मिस प्रिझमचेही तसेच. पोर बॅगेत विसरून आलेल्या त्या शिक्षिकेला हसता हसता आपल्याला तिची कणव येऊ लागते.

संसारही तिने उशिराच मांडला. १९४५ साली, बावन्न वर्षे उलटल्यावर, तिने स्ट्रिंगर डेव्हिस या नटाशी लग्न केले. पुढे १९६१ ते १९६४ या काळात अगाथा ख्रिस्तीबाईंच्या मिस मार्पलचे चार चित्रपट निघाले, त्यांत ही दोघे जोडीने झळकली. खुनाच्या कथांत काम करण्यास ती आधी नाखूष होती. घरचा इतिहास ध्यानात घेता यात नवल ते काय? ख्रिस्तीबाईंना ते चित्रपट फारसे मानवले नाहीत. तरी १९६२ ची आपली एक कादंबरी त्यांनी मार्गारेटलाच अर्पण केली. ‘द व्ही.आय.पीज’ मधील सहायक भूमिकेबद्दल १९६४ साली तिला ऑस्कर मिळाले, तेव्हा ती एकाहत्तर वर्षांची होती. १९६७ साली ‘डेम’ हा किताब मिळाला आणि १९७२ साली ती निवर्तली.

भगिनींनो, आपल्या वाड्यांतून, चाळींतूनही अशा एकट्या, थोड्या तऱ्हेवाईक बायका असतात. त्यांच्या नकला करणे सोपे असते. मार्गारेटने त्यांना रंगमंचावर आणले ते त्यांचा मान राखून. चाळीस-पंचेचाळिशी ओलांडली, आता आपल्या हातून नवे काय होणार, असे म्हणून आपल्यापैकी कुणी मागे सरत असेल, तर तिनेही या बाईची आठवण ठेवावी, एवढीच विनंती करून मी आपली रजा घेते.